एका स्लाइसवरून

ता. ४ सप्टेंबर

ती. दादास,
सा. न. वि. वि.

तुझं पत्र येऊन पंधरा दिवस झाले. वेळ मिळाला नाही असं लिहिणार होते, पण तू लगेच विचारणार, की एका पत्राला किती मिनिटं लागतात हे कधी मोजलंस का. तेव्हा खरं कारण लिहिते. सांगण्यासारखं काहीतरी हातात येईपर्यंत थांबले होते. आता ते आलं आहे.

मोठ्या बाईंनी (आमच्या मुख्याध्यापिका, शाळेत त्यांना दुसरं नावच नाही) मला अखेर जिन्याखालची खोली दिली. मोडकी बाकं आणि जुने नकाशे बाहेर काढून सहावीच्या पोरांनी दोन शनिवार खपून ती धुतली. एक लांब टेबल, एक नळ, एक कुलपाचं कपाट. एवढ्यावर मी स्वतःला प्रयोगशाळेची राणी समजते. फळ्यावर आकृती काढून घोकून घेण्यापेक्षा मुलांनी स्वतः करून बघावं, हे माझं म्हणणं मोठ्या बाईंना पटलेलं नाही. किल्ली देताना त्यांनी बजावलं, की वर्षअखेरीपर्यंत बघू आणि मग खोलीचं ठरवू.

आता मुद्द्याचं. गेल्या महिन्यात एकाच आठवड्यात आमच्याकडची सोळा मुलं पोट बिघडून घरी बसली. पालकांचा सगळा रोख शाळेच्या जेवणघरावर. तिथं एकच बाई आहेत, आम्ही सगळे त्यांना मावशी म्हणतो. गेली नऊ वर्षं त्याच रांधतात आणि त्याच वाढतात. वर्गातही तीच चर्चा. मग मी म्हटलं, नुसतं बोलत बसण्यापेक्षा तपासून बघू. एकाच ब्रेडच्या सहा स्लाइस घेतल्या. एकीला कुणीच हात लावला नाही. एकीला मैदानावरून आलेल्या मुलाचे हात, एकीला नुसत्या पाण्याने धुतलेले, एकीला साबणाने धुतलेले, एकीला माझे आणि एकीला मावशींचे. प्रत्येक स्लाइस पारदर्शक पिशवीत, तोंड बंद, वर नाव.

मावशींना बोलावलं तर त्या यायलाच तयार नव्हत्या. दोनदा निरोप पाठवला तेव्हा आल्या, आणि आल्या त्या थेट नळाकडे गेल्या. मुलं रांगेत उभी आणि या आपल्या हात चोळताहेत, चोळताहेत. मला तेव्हाच ते विचित्र वाटलं. काही लपवायचं नसेल तर माणूस इतका वेळ हात कशाला धुईल?

आज पाचवा दिवस. पाच स्लाइस जशा होत्या तशा, आणि मावशींच्या स्लाइसवर हिरवट-काळ्या बुरशीचे रुपयाएवढे तीन डाग. आमच्या वर्गात एक मुलगी आहे, सतत प्रश्न विचारते म्हणून तिला सगळे वकीलीण म्हणतात. तिने तेवढ्यात विचारलंच, की मग मैदानातल्या हातांची स्लाइस कोरी कशी. तिला मी नंतर सांगते म्हणून बसवलं.

आता तू एकदा तरी शाबास म्हण. वहिनीला नमस्कार. तुझा लोभ पूर्वीइतकाच आहे असं धरून चालते.

तुझी,
ठकू


ता. ८ सप्टेंबर

चि. ठकूस,
अनेक आशीर्वाद.

शाबास. हे झालं. आता माझे प्रश्न.

मावशींच्या हाताची स्लाइस एकच का? माझ्या टेबलावर रोज सकाळी दुधाचे शंभरावर कॅन तपासायला येतात. एका नमुन्यावरून मी एखाद्याचं दूध परत पाठवलं, तर दुसऱ्या दिवशी लोक मला कॅनमध्ये बुडवतील, आणि त्यात त्यांची चूक नसेल. पिशव्या कुठे ठेवल्या होत्या? सगळ्या एकाच कप्प्यात की एखादी खिडकीपाशी, उन्हात? आणि पिशवीवर नाव कशाला घातलंस? ज्याच्यावर आपला आधीच डोळा आहे त्याचं नाव समोर दिसत असलं, की डाग दोनाचे तीन दिसतात. नंबर घालायचे, आणि कुठला नंबर कुणाचा ते बघणाऱ्याला कळू द्यायचं नाही.

तुझी ती वकीलीण मला आवडली. तिचा प्रश्न तू नंतरवर टाकलास, पण सगळ्यात आधी त्याच प्रश्नाचं उत्तर द्यायला हवं होतं. मातीत खेळलेले हात कोरे आणि नळाखाली चोळून धुतलेले हात बुरसटलेले, हे तुला खटकलं कसं नाही? हात चोळण्याची विचित्र गोष्ट तूच पत्रात चार ओळी आधी लिहिली आहेस आणि तिच्यावरून पुढे निघून गेली आहेस. मला जे वाटत होतं तेच निघालं की मी दुप्पट सावध होतो. माझा धंदाच संशयाचा, त्याला इलाज नाही.

आणखी एक. ब्रेडवर उगवणारी बुरशी आणि पोरांच्या पोटात गेलेलं काहीतरी, या दोन गोष्टी एकच आहेत हे तुला कुणी सांगितलं?

रागावू नकोस. मुलांना हे सगळं विचारू दे, त्यांना मजा येईल. तोवर ही गोष्ट त्या खोलीबाहेर जाऊ देऊ नकोस, एवढं ऐक.

तुझ्या वहिनीला दोन ओळी लिहायच्या आहेत म्हणून जागा सोडतो. लोभ आहेच, त्याची चाचणी घेत बसू नकोस.

तुझा,
दादा

ठकूताई, यांनी तुमचं पत्र वाचलं आणि चहा निवेपर्यंत पुन्हा पुन्हा वाचलं. मग ब्रेड आणायला गेले. आमच्याकडे ब्रेड कुणी खात नाही. मला काहीतरी शंका येते आहे. — वहिनी


ता. १२ सप्टेंबर

ती. दादास,
सा. न. वि. वि.

तुझं पत्र हातात पडलं तेव्हा गोष्ट खोलीबाहेर जाऊन चार दिवस झाले होते. वर्गातली अठ्ठावीस तोंडं मी काय शिवून टाकणार होते? मुलांनी घरी सांगितलं, घरच्यांनी शेजारी सांगितलं, आणि सोमवारी सकाळी नऊ-दहा पालक मोठ्या बाईंच्या दारात. एकाने तर ती पिशवी बघायला मागितली. मोठ्या बाईंनी मला बोलावलं, मी पिशवी नेऊन टेबलावर ठेवली. आणि हे मावशींच्या हातावरचं, असं ठासून सांगितलं. एक बाई तोंडाला रुमाल लावून मागे सरकल्या. दुपारी मावशींना सांगण्यात आलं, की चौकशी होईपर्यंत येऊ नका.

तू विचारलंस म्हणून सांगते. पिशव्या सगळ्या एकाच कप्प्यात होत्या. ब्रेड एकच. स्लाइस एकेकच, कारण ब्रेड मी घरून आणला होता आणि उरलेला संध्याकाळी मलाच खायचा होता. आणि नावं घातली, कारण सहावीच्या मुलांना पोस्टाच्या पाकिटासारखे नंबर देत बसायला वेळ नसतो.

जाताना मावशी जिन्याखाली आल्या होत्या. मी टेबल पुसत होते. दाराशी उभं राहून त्यांनी मला विचारलं, की बाई, तुम्ही त्या तुकड्याला काय लावलं होतं. आवाज चढवला नाही, काही नाही. मी म्हटलं, मी काहीच लावलं नाही, जे आलं ते तुमच्या हातावरचं. त्या म्हणाल्या की बरं. एवढंच, बरं, आणि गेल्या. नऊ वर्षांची नोकरी जात असताना माणूस इतका शांत राहतो का? मला तर वाटतं त्यांना ठाऊक होतं. किंवा असंही असेल, की त्यांचा माझ्यावरच संशय होता. ते मनातून जात नाही.

त्यात भर म्हणून शाळेत आता सगळेच सगळ्यांकडे बघताहेत. शिपायाने कपाट उघडलं होतं का, अशी कुजबुज शिक्षकांच्या खोलीत आहे. मुलं एकमेकांचे हात हुंगतात. काल एका मुलीच्या डब्याला कुणी शिवेना, का तर ती मावशींच्या गल्लीत राहते.

आणि तू. लहानपणी मी टेकडीवरून गोळा करून आणलेले दगड तू एकेक करून नुसते दगडच आहेत म्हणून सिद्ध केले होतेस. मला तेव्हाही शाबास हवं होतं. तुझं हे प्रश्नांचं पत्र खरंच प्रयोगाबद्दल होतं, की धाकट्या बहिणीला काही येतच नाही हे तुला अजून एकदा दाखवायचं होतं?

वहिनीला विचार, ब्रेडचं काय झालं. लोभात घट नसावी, तुझ्याही आणि माझ्याही.

ठकू


ता. १६ सप्टेंबर

चि. ठकूस,
अ. आ.

दगडांचं खरं आहे. चुकलंच माझं. एक तरी ठेवायला हवा होता.

मावशींना घरी बसवलं हे वाचून मात्र जेवण गेलं नाही. म्हणून आता सरळ लिहितो, तिरकस काही नाही.

तू लिहिलं आहेस की मावशींनी हात खूप वेळ धुतले. धुऊन झाल्यावर ते कशाने पुसले? बाकी मुलं रांगेत थांबून वाळलेल्या हातांनी आली असतील, कपड्यांना हात पुसून आली असतील. मावशी नळावरून थेट स्लाइसकडे आल्या का? नीट आठव. आठवत नसेल तर तसं लिही, आठवल्यासारखं करू नकोस.

हे मी का विचारतो ते सांगतो. बारा-तेरा वर्षांपूर्वीची गोष्ट. आमच्या दूध संकलन केंद्रावर एक बाई दूध घालायच्या. घर केंद्राला लागूनच, एकच गाय. दुधात पाणी आहे का हे बघायला आम्ही लॅक्टोमीटर सोडतो, ती काचेची नळी, तू बघितली आहेस. पातळ दुधात ती जास्त बुडते. या बाईंच्या दुधात ती रोज जास्त बुडायची. तीन दिवस मी दूध परत केलं, चौथ्या दिवशी सगळ्यांसमोर बोललो. त्यांनी गायीच्या शपथा घेतल्या. शपथा रोज ऐकतो म्हणून मी काही मनावर घेतलं नाही. नंतर कळलं, की दूध कोमट असलं तरीही नळी जास्त बुडते. बाकीच्यांचं दूध तासाभराच्या वाटेवरून गार होऊन यायचं. यांचं धार काढल्या काढल्या यायचं. सगळ्या केंद्रात सगळ्यात ताजं दूध त्यांचं होतं, आणि मी त्यांनाच चोर ठरवलं होतं.

म्हणून पुन्हा करून बघ. निदान वीस स्लाइस घे. निम्म्या हातांना पाणी असू दे, निम्मे कोरडे. धुतलेले आणि न धुतलेले दोन्हींत सारखे. नंबर घाल. कुठला नंबर कुणाचा त्याची यादी पाकिटात घालून वर्गाशी संबंध नसलेल्या कुणाकडे तरी दे. आणि निघेल ते निघेल, माझं खोटं ठरलं तर मला सर्वांत आधी कळव.

लोभ ठेव. प्रश्न विचारायचे मी थांबणार नाही, त्याचा अर्थ वेगळा काढू नकोस.

दादा

ठकूताई, शंका खरी निघाली. माझ्या डाळीच्या फळीवर सध्या आठ पिशव्या आहेत, वर नंबर. यादी माझ्याकडे पाकिटात दिली आहे आणि उघडू नकोस म्हणून दिवसातून दोनदा बजावतात. काल मी पाकीट हलवून जागा बदलली तर लगेच विचारलं. लग्नाला एकोणीस वर्षं झाली. — वहिनी


ता. २६ सप्टेंबर

ती. दादास,
सा. न. वि. वि.

तुला खोटं ठरवायचं म्हणूनच मी पुन्हा प्रयोग केला, हे आधी कबूल करते.

वीस नाही, चोवीस स्लाइस घेतल्या. तुझं पत्र मी वर्गात वाचून दाखवलं, दगडांचा मजकूर सोडून. लॅक्टोमीटरची गोष्ट मुलांनी दोनदा वाचायला लावली. मग वकीलीण उभी राहिली आणि म्हणाली, की पाण्यातच काही असेल तर? म्हणून पाणी उकळून गार करून घेतलं. सहा स्लाइस मळक्या कोरड्या हातांच्या, सहा मळक्या ओल्या, सहा धुऊन पुसलेल्या, सहा धुऊन तशाच ओल्या. माझे हातही त्यात होते. नंबरांची यादी ग्रंथपालबाईंकडे दिली. कुणी कपाट उघडेल या भीतीने मुलांनी कडीला दोरा बांधला आणि गाठीवर सगळ्यांच्या सह्यांचा कागद चिकटवला. एकमेकांवर इतका अविश्वास मी कुठल्या वर्गात पाहिला नव्हता. पण या वेळी तो मला बरा वाटला, कारण तो सगळ्यांवर सारखाच होता.

आठव्या दिवशी दोरा कापला. आधी डाग मोजून फळ्यावर लिहिले, मग पाकीट फोडलं. बारा ओल्या स्लाइसपैकी अकरा बुरसटल्या होत्या. बारा कोरड्यांपैकी एक. हात मळके की धुतलेले, याने काही फरक पडला नव्हता. सगळ्यात वाईट अवस्था सतरा नंबरची, आणि सतरा नंबर म्हणजे मी, साबणाने धुतलेले ओले हात. वर्ग माझ्याकडे बघत राहिला. दादा, मला मावशींचं ते ‘बरं’ ऐकू आलं.

तू विचारलंस ते आठवून बघितलं. मावशींनी हात पुसल्याचं मला आठवत नाही. पिशवी बंद करताना आतून धूसर झाली होती, हे मात्र पक्कं आठवतं. तेव्हा मी म्हटलं होतं, की बघा, घामट हात.

मग मुलांनीच पोटाचा विषय काढला. बुरशी नाही तर काय? शाळेतल्या शहाण्णव जणांना विचारून त्यांनी तक्ता केला. साठ मुलं शाळेत जेवतात, त्यांतली दहा आजारी पडली होती. छत्तीस मुलं घरचा डबा आणतात, त्यांतली सहा. म्हणजे दोन्हीकडे सहांत एक. मावशींनी रांधलेलं ज्यांनी तोंडातही घातलं नव्हतं ती मुलंही तितकीच आजारी पडली. मग कशाने झालं, असं सगळ्यांनी मला विचारलं. मी म्हटलं, माहीत नाही. वर्गाला हे उत्तर अजिबात आवडलं नाही. मलाही नाही.

तक्ता आणि चोवीस पिशव्या घेऊन मी मोठ्या बाईंकडे गेले. त्यांनी तक्ता वाचला, चष्मा काढला आणि दार लावून घ्यायला सांगितलं. म्हणाल्या, की पालक आता शांत झाले आहेत, नवीन बाई पुढच्या आठवड्यापासून येणार आहेत, हे कशाला उकरून काढायचं. शाळेनेच चूक केली असं लोक म्हणतील, आणि मग पहिली गदा कुणावर येईल याचा विचार करा. मग अगदी मऊ आवाजात विचारलं, की हे पुन्हा करायला तुम्हाला कुणी सांगितलं, आणि तुमचं त्या बाईंशी काही नातं आहे का. जिन्याखालच्या खोलीचा विषय त्यांनी काढला नाही. किल्लीकडे तेवढं बघितलं.

खोली गेली तर हे सगळंच गेलं. गप्प राहिले तर खोली राहते, आणि पुढच्या पन्नास वर्गांना मी नीट प्रयोग शिकवू शकते. असंही म्हणता येतं ना? तू काय म्हणशील ते लिही. यात तुला जे योग्य वाटेल ते मी करीन. तुझा लोभ मला या आठवड्यात जरा जास्त लागणार आहे.

ठकू


ता. ३० सप्टेंबर

चि. ठकूस,
अ. आ.

आमच्या आठ पिशव्यांचं उत्तर तुझ्यासारखंच निघालं. चार ओल्या, चारही बुरसटल्या.

बाकीचं मी तुला सांगू शकत नाही. गप्प राहा असं मी म्हणावं म्हणून तू लिहिलं आहेस, असा माझा संशय आहे. तो चुकीचा असला तर सोडून दे. पण मी सल्ला द्यायच्या लायकीचा नाही, कारण दूध घालणाऱ्या बाईंची गोष्ट मी तुला अर्धीच सांगितली.

चूक माझी होती हे मला दोन महिन्यांनी कळलं. त्या दिवसापासून मी थर्मामीटर वापरायला लागलो. नोंदवहीत लिहिलं, की तपासणीची पद्धत सुधारली. वरिष्ठांनी कौतुक केलं. त्या बाईंना मात्र मी काही सांगितलं नाही. गावात त्यांचं दूध कुणी घेईना, मग त्यांनी गाय विकली. माझ्या केंद्रावरून त्या रोज पाण्याला जायच्या. पाच वर्षं जायच्या. मी खिडकीकडे पाठ करून बसायची सवय लावून घेतली. मग त्या आपल्या मुलीकडे राहायला गेल्या, कुठे ते मला ठाऊक आहे.

तुझ्या मोठ्या बाईंनी जी कारणं दिली ती सगळी मी स्वतःला दिली होती. ती वाईट कारणं नाहीत. मी त्यांच्यावर तेरा वर्षं काढली.

एवढंच. लोभ कमी होईल असं वाटत असेल तर ते मला कळव, मी समजून घेईन.

दादा

ठकूताई, हे मलाही आजच कळलं. पत्र माझ्या हातात दिलं आणि बाहेर ओट्यावर जाऊन बसले. भूक लागेल तेव्हा खायला म्हणून डब्यात काहीतरी भरून ठेवलं. — वहिनी


ता. ११ ऑक्टोबर

ती. दादास,
सा. न. वि. वि.

आधी हे, की माझ्याकडून लोभात काही उणं नाही. तू हे लिहिलंस म्हणून मला पुढचं करता आलं. तुझ्या त्या बाईंचा पत्ता तुला ठाऊक आहे, याबद्दल मी काही लिहीत नाही. मी फक्त ते वाक्य दोनदा वाचलं.

तुझं पत्र मिळाल्याच्या दुसऱ्या दिवशी शाळा सुटल्यावर मावशींच्या घरी गेले. एका लांबट इमारतीत दुसऱ्या मजल्यावर एक खोली. दार उघडंच होतं. कोपऱ्यात शिलाईचं मशीन, पलंगावर कुणाकुणाच्या उशांचे अभ्रे घड्या करून ठेवलेले. शाळा गेल्यापासून त्या शिवणकाम करतात. मला बघून उठल्या नाहीत, बसाही म्हणाल्या नाहीत. मी उभ्याने सगळं सांगितलं. चोवीस पिशव्या, सतरा नंबर, तक्ता. मशीन थांबवून त्यांनी शेवटपर्यंत ऐकलं.

मग म्हणाल्या, की त्या दिवशी मुलं बघणार होती म्हणून मी दोनदा साबण लावला. स्वयंपाक करणाऱ्या बाईचे हात कसे असतात ते त्यांना दिसावं. पुसायला गेले तर तुमच्या त्या खोलीतला टॉवेल खडूने आणि कशाकशाने काळा झालेला. त्याला हात पुसून मुलांच्या ब्रेडला लावायचे, हे मला बरं वाटेना. म्हणून तसेच ओले लावले.

दादा, मला तिथल्या तिथे बसावंसं वाटलं, पण बसा कुणी म्हटलं नव्हतं. मी म्हटलं, माझं चुकलं. त्या म्हणाल्या, की इथं मला सांगून काय उपयोग, माझे हात स्वच्छ होते हे मला ठाऊकच होतं. जिथं बोललात तिथं सांगा. आणि मशीन पुन्हा सुरू केलं.

शुक्रवारी पालकांची सभा होती. विषयपत्रिकेत हा विषय नव्हता. फीचं आणि गणवेशाचं झाल्यावर मी उठून उभी राहिले. मोठ्या बाईंनी दोनदा घड्याळाकडे बघितलं. मी सगळं सांगितलं, टॉवेलसकट. माझा पहिला प्रयोग चुकीचा होता, आणि त्यावरून एका बाईंची नोकरी गेली ती माझ्यामुळे गेली, असं अगदी याच शब्दांत. माझं झाल्यावर एक गृहस्थ उठले, पिशवी बघायला मागणारे तेच. त्यांनी विचारलं, की मागच्या वेळी तुम्ही इतक्याच खात्रीने बोलला होतात, मग आज तुमच्यावर विश्वास का ठेवायचा. मी म्हटलं, माझ्यावर ठेवू नका. ब्रेड घ्या आणि घरी करून बघा, कसं करायचं ते कागदावर लिहून आणलं आहे. त्यांनी कागद घेतला, घडी घालून खिशात ठेवला. पटल्यासारखे दिसले नाहीत. पण मागून चार-पाच हात कागदासाठी पुढे आले.

मावशी सभेला आल्या होत्या हे मला नंतर कळलं. मागच्या दाराशी उभ्या होत्या, माझं बोलणं संपताच निघून गेल्या.

मोठ्या बाई दोन दिवस माझ्याशी बोलल्या नाहीत. तिसऱ्या दिवशी त्यांनी मावशींना बोलावणं पाठवलं. त्या स्वतःहून वळल्या की पालकांपैकी कुणी त्यांना भाग पाडलं, मला माहीत नाही आणि त्या सांगणार नाहीत. नव्या बाईंना मदतनीस म्हणून ठेवून घेतलं आहे. खोली सध्या माझ्याकडे राहिली आहे. अट अशी, की यापुढे प्रत्येक प्रयोग आठवडाभर आधी लिहून द्यायचा, काय निघेल त्यासकट. काय निघेल हे आधी माहीत असतं तर प्रयोग कशाला केला असता, हे मी अजून त्यांना विचारलेलं नाही. योग्य दिवस बघून विचारीन.

काल मावशींचा पहिला दिवस होता. जेवणाची घंटा झाली, मुलं ताटल्या घेऊन रांगेत उभी राहिली, आणि पुढे कुणी सरकेना. मावशी पळी हातात धरून भांड्यामागे उभ्या. सहावीचीच मुलं पुढे होती. ज्यांनी तक्ता केला, डाग मोजले, दोऱ्याला गाठी मारल्या तीच. पुरावा त्यांच्या स्वतःच्या हातचा होता, पण पाय उचलत नव्हते. मी पुढे व्हावं का असा विचार करत होते, पण मी पुढे होऊन काय सिद्ध झालं असतं?

तेवढ्यात रांगेच्या मधूनच वकीलीण बाहेर आली आणि ताटली पुढे धरली. सगळ्यांना ऐकू जाईल अशा आवाजात तिने मावशींना सांगितलं, की आज जेवून काही कळणार नाही, एका जेवणावरून काही ठरवता येत नाही, म्हणून मी महिनाभर रोज जेवणार आहे आणि रोज वहीत लिहून ठेवणार आहे. मावशींनी तिच्याकडे बघितलं. मला वाटलं आता या पळी ठेवून निघून जातात. पण त्या म्हणाल्या, की लिही, आणि आवडलं की नाही तेही लिही. आणि तिला भरपूर वाढलं. मग रांग हलली.

शेवटी मीही ताटली घेऊन गेले. मावशींनी मला इतरांइतकंच वाढलं, ना कमी ना जास्त, आणि माझ्याकडे न बघता मागच्या मुलाला पुढे यायला सांगितलं. माझ्याशी त्या अजून बोलत नाहीत. मी उद्याही जेवायला जाणार आहे.

वहिनीला सांग, डाळीची फळी परत तिची. आशीर्वाद देत जा, आणि प्रश्नही.

तुझी,
ठकू